ती उभी रेघ चारची होती

भानुदासमामा गेल्याचं मला शाळेच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर कळलं. काष्टीच्या बाजारात मेथीची जुडी हातात घेऊन मी भाव विचारत होतो, तेवढ्यात खिशातला फोन वाजला. जुन्या शाळेतल्या एका सहकाऱ्यानं मामांचा फोटो टाकला होता, निवृत्तीच्या दिवशीचा, गळ्यात हार आणि डोक्यावर नीट न बसलेला फेटा. खाली दोन ओळी. सकाळी अंगणात खुर्चीवर बसले होते, चहा मागितला, मुलगी चहा घेऊन बाहेर येईपर्यंत मान कललेली होती. त्याखाली एकेकानं जोडलेले हात पाठवायला सुरुवात केली होती. मीही पाठवले. फोन खिशात ठेवला, मेथी घेतली आणि थोडं पुढे गेल्यावर लक्षात आलं की ज्या माणसाची एका वाक्याची माफी मी बावीस वर्षं मागायची ठेवली होती, त्याला मी आत्ता शेवटचं म्हणून दोन छापील हात पाठवून मोकळा झालो होतो… मेथीची पिशवी घेऊन मी बाजाराच्या कडेला एका ओट्यावर बसून राहिलो. काय करायचं ते कळत नव्हतं. करण्यासारखं काही उरलंही नव्हतं.

मामा आमच्या शाळेचे शिपाई. पाथर्डीच्या पुढे, डोंगराच्या पायथ्याशी असलेल्या एका गावातली ती माध्यमिक शाळा. मी तिथे गणिताचा शिक्षक म्हणून लागलो तेव्हा माझी डी.एड.-बी.एड.ची पुस्तकं अजून नवी होती आणि डोक्यात हवाही पुष्कळ होती. शिपायाला मामा म्हणायचं ही आपल्याकडच्या शाळांची रीत. मुलंही मामा म्हणतात, शिक्षकही म्हणतात, आणि त्या हाकेत आपलेपणा किती आणि सवय किती हे कोणी तपासून बघत नाही. मीही तपासलं नाही. भानुदासमामा तेव्हा चाळिशीच्या आसपास असतील. उंच, किंचित वाकलेले, चालताना कमरेच्या किल्ल्या एका हाताने दाबून धरायचे, म्हणजे वर्ग चालू असताना आवाज नको. घंटा द्यायची त्यांची एक पद्धत होती. टोल देऊन झाला की घंटा म्हणून टांगलेल्या रुळाच्या तुकड्यावर तळहात ठेवून ते त्याची थरथर थांबवायचे. आवाज रेंगाळत ठेवायचे नाहीत.

त्यांचं शिक्षण नववी पास. आईवडील दर वर्षी दसरा-दिवाळी झाली की ऊसतोडीला जायचे, कधी नेवाशाकडे, कधी श्रीगोंद्याकडे, आणि पोरांनाही बरोबर न्यायचे. फड संपून परत यायला चैत्र उजाडायचा. दहावीच्या वर्षी ते गेले ते परीक्षेला आलेच नाहीत. पुढे त्याच शाळेत शिपाई म्हणून लागले. ज्या वर्गात त्यांचं नाव हजेरीपटावरून कमी झालं होतं, त्याच वर्गाचं कुलूप रोज सकाळी उघडू लागले.

मी लागलो त्याच्या पाचव्या वर्षी दोन गोष्टी झाल्या. एक म्हणजे आलेख शिकवताना फळ्यावर चौकटी आखण्यात माझा अर्धा तास जायचा आणि मी स्टाफरूममध्ये येऊन रोज कुरकुर करायचो. मामा ऐकत असावेत. दिवाळीची सुट्टी संपवून आम्ही शाळेत आलो, तर नववी ब च्या भिंतीवर एका जुन्या फळ्याला नवा काळा रंग देऊन त्यावर पांढऱ्या ऑइलपेंटने आलेखाच्या चौकटी आखलेल्या. गवंडी सुताला चुना लावून जशी सरळ रेघ मारतात तशी एकेक रेघ मारून, मग बारीक ब्रशनं ती रंगवून काढलेली. मी घरांना पट्टी लावून बघितली. कुठेही केसभर फरक नव्हता. दुसरी गोष्ट म्हणजे प्रयोगशाळेतले मदतनीस निवृत्त होणार होते आणि हेडसरांनी मामांना सांगितलं होतं, "भानुदास, दहावी तेवढी हो. जागेसाठी तुझाच प्रस्ताव पाठवतो." मामांनी सतरा नंबरचा फॉर्म भरला, म्हणजे बाहेरून परीक्षेला बसणाऱ्यांचा. बाकीच्या विषयांचं त्यांना काही वाटत नव्हतं. गणिताचं वाटत होतं. फळ्याच्या कामाबद्दल मी आभार मानले तेव्हा ते म्हणाले, "आभार ऱ्हाऊ द्या सर. तेवढं बीजगनित सांगता का मला? पाचनंतर. लई येळ न्हाई घेत."

असं आमचं सुरू झालं. पाच वाजता शाळा सुटली की मामा वर्ग बंद करायचे, तोंडावर पाणी मारायचे आणि प्रयोगशाळेत येऊन बसायचे. जुन्या प्रश्नपत्रिकांच्या पाठकोऱ्या बाजूंची दोऱ्यानं शिवलेली वही त्यांनी केली होती. आलेखाचा धडा आला तेव्हा त्यांनी पेन्सिल खाली ठेवली. म्हणाले, "ह्या धड्याला मी कधीच हजर नव्हतो बघा. हा दिवाळीनंतर यायचा आन् आमी फडावर. परत आलो की पोरं पुढं गेलेली. कुटून सुरुवात झाली तेच कळायचं न्हाई." मी त्यांना सरळ रेषेचं समीकरण लिहून दिलं, y बरोबर mx अधिक c. m म्हणजे रेषेचा चढ, रेषा किती वेगानं वर जाते किंवा खाली येते ते. त्यांना ते लगेच कळलं. c पाशी अडले. "ह्यो c म्हंजे नेमकं काय, सर?" मी पुस्तकातलं सांगितलं, रेषा उभ्या अक्षाला जिथं छेदते ते. x च्या जागी शून्य ठेवायचा, उरतं ते c. ते पेन्सिल कानाला लावून बराच वेळ त्या आकृतीकडे बघत राहिले. मग म्हणाले, "आसं म्हना की… आपुन मोजाय लागलो त्याच्या आधी जे हुतं ते." मी गेली सत्तावीस वर्षं गणित शिकवतो आहे. त्या बिंदूचा याच्याहून चांगला अर्थ मला कोणी सांगितलेला नाही.

शाळेच्या मागे विहीर होती. त्या वर्षी पाऊस बरा झाल्यानं दिवाळीला पाणी चांगलं होतं आणि पुढे ते उतरत चाललं होतं. हेडसरांच्या सांगण्यावरून मामा दर सोमवारी पाणी मोजायचे. फुटाफुटाला गाठ मारलेला दोर, टोकाला दगड. जुना दोर कुजला होता, नवा यायला वेळ लागला, म्हणून मोजमाप सुरू झालं ते दिवाळीनंतरच्या चौथ्या आठवड्यापासून. नववी ब ला आलेख शिकवायची वेळ आली तेव्हा मी त्यांच्याकडून आकडे मागून घेतले. चौथ्या आठवड्यात सोळा फूट, सहाव्यात तेरा, आठव्यात दहा, दहाव्यात सात. पाणी इतकं सारखं उतरत होतं की बिंदू एका रेषेत यावेत. मी मामांना म्हणालो, "उद्या तुमची विहीर फळ्यावर येणार." ते लाजले. "कितव्या तासाला?" एवढंच विचारलं.

तिसऱ्या तासाला. मामा बरोबर तिसऱ्या तासाला सूचनावही घेऊन दारात आले. सूचनावही म्हणजे हेडसरांची सूचना लिहिलेली वही, शिपायानं वर्गावर्गात न्यायची, शिक्षकानं वाचून दाखवायची आणि सही करायची. त्या दिवशीची सूचना कसलीशी किरकोळ होती. आज मला पक्कं वाटतं की ती त्यांनी मुद्दाम मागं ठेवून माझ्या वर्गात आणली होती. त्यांना त्यांचे आकडे फळ्यावर बघायचे होते.

मी एक चूक केली. पहिलं माप चौथ्या आठवड्याचं, मग डावीकडची चार घरं रिकामी का घालवायची, असा विचार करून फळ्याच्या अगदी डाव्या उभ्या रेघेखालीच मी ४ लिहिलं. तिथून पुढे सहा, आठ, दहा. बिंदू काढले, पट्टी लावली, रेषा ओढली. ती डाव्या उभ्या रेघेला सोळावर जाऊन टेकली. मी मुलांकडे वळून सांगितलं की बघा, रेषा उभ्या अक्षाला सोळावर छेदते, म्हणून c बरोबर सोळा, म्हणजे दिवाळीला विहिरीत सोळा फूट पाणी होतं. पाणी आठवड्याला दीड फूट उतरतं, म्हणून समीकरण y बरोबर सोळा वजा दीड x. मुलं लिहून घेऊ लागली. दारातून हळू आवाज आला.

"सर… ती उभी रेघ चारची हाय."

मी म्हणालो, "काय?"

"न्हाई, म्हंजे… सोळा हे चौथ्या आठवड्याचं पानी. शून्याला अजून मागं जावं लागंल. बावीस येतंय तितं."

 मागच्या बाकावरून कोणीतरी म्हणालं, "मामा बराबर हायेत की!" आणि पोरं हसली. ती मला हसली. मी तेव्हा तीस-एकतीस वर्षांचा होतो, अंगावर इस्त्रीचा शर्ट होता, आणि मला एका शिपायानं भर वर्गात… हे असंच माझ्या डोक्यात आलं, शब्दन् शब्द. मी खडू ठेवला आणि म्हणालो, "मामा, तुम्ही घंटेचं बघा. गणिताचं मी बघतो."

आता वर्ग दुप्पट मोठ्यानं हसला, आणि या वेळी माझ्या बाजूनं. मामाही हसल्यासारखे झाले. त्यांनी वही पुढे केली. "सही, सर." मी सही केली. ते गेले. थोड्या वेळानं तास संपल्याची घंटा झाली, अगदी वेळेवर.

मी चुकलो आहे हे मला त्याच तासात कळलं होतं. हे मी आजवर कोणाला सांगितलेलं नाही. माझ्याच समीकरणात x ला चार दिले तर सोळा यायला हवे होते. येत होते दहा. मुलांनी ते तपासायच्या आत मी फळा पुसला. शनिवारी अर्धी शाळा सुटल्यावर सगळे गेल्याची खात्री करून मी विहिरीवर गेलो. मामा दर दिवाळीला पाण्याच्या पातळीवर आतल्या दगडाला चुन्याची खूण करायचे. मी त्यांचाच दोर घेतला आणि त्या वर्षीच्या ताज्या खुणेपासून पाण्यापर्यंत गाठी मोजल्या. पंधरा. पाणी होतं सात. पंधरा आणि सात बावीस. पुन्हा मोजलं. पुन्हा बावीस. सोमवारी वर्गात सांगायचं असं मी तिथंच कठड्यावर बसून ठरवलं. एकच वाक्य तर होतं. "मामांचं बरोबर होतं, मी चुकलो." सोमवारी मी पुढचा धडा सुरू केला. मंगळवारी वाटलं, आता विषय निघाला तर सांगू. विषय कोण काढणार? चाचणी परीक्षेत मीच ते उदाहरण घातलं होतं, आधीच प्रश्नपत्रिका छापून झाली होती. काहींनी सोळा लिहिलं, काहींनी बावीस. मी दोघांनाही पूर्ण गुण दिले. एका मुलीनं उभं राहून विचारलं, "सर, खरं कंचं?" मी म्हणालो, दोन्ही पद्धती चालतात. गणिताच्या शिक्षकानं आयुष्यात म्हणू नये असं एक वाक्य असेल तर ते हे.

त्या सोमवारी पाच वाजता मामा प्रयोगशाळेत आले नाहीत. मी दहा मिनिटं वाट पाहिली, आणि खरं सांगायचं तर मला हायसं वाटलं. दुसऱ्या दिवशी ते म्हणाले, "सर, आता जरा घरी काम हाय. वाचतो माझं मीच." मी बरं म्हणालो. पोरं काही दिवस व्हरांड्यात त्यांना बघून ओरडायची, "मामा, घंटेचं बघा!" मामा त्यांच्यावर खोटा हात उगारायचे. मी स्टाफरूमच्या खिडकीतून ते ऐकायचो आणि वही तपासत राहायचो.

आणखी आठवडाभरानं नववी ब मध्ये गेलो तर आलेखाच्या फळ्यावर, खालच्या डाव्या कोपऱ्यात, जिथं आडवी आणि उभी रेघ मिळतात तिथं एक शून्य काढलेलं दिसलं. खडूचं नाही, ऑइलपेंटचं. फळ्यावरच्या सगळ्या रेघा पांढऱ्या आणि हे तेवढं आकाशी. डस्टरनं जाणार नव्हतं. आता त्या फळ्यावर कोणीही, कुठल्याही उदाहरणाला, डाव्या रेघेखाली चार लिहू शकणार नव्हतं. मला ते शून्य म्हणजे माझ्या तोंडावर मारलेली चापट वाटली. मधल्या सुट्टीत मी ब्लेडनं ते खरवडायला घेतलं, एक ओरखडा उठला, पातं वाकलं, आणि व्हरांड्यात पावलं वाजली म्हणून मी थांबलो. दुपारी मामांना विचारलं, "हे कुणाचं काम?"

"माझं, सर."

"कशाला पण?"

"असू द्या. पुढं कुनी नवीन आलं तर… चुकायला नको." ते एवढंच बोलले, आणि माझ्याकडे बघून बोलले नाहीत. ते मला वाचवत होते. पुढच्या नववीपुढे, पुढच्या वर्षी, माझं पुन्हा हसू होऊ नये म्हणून त्यांनी ते काढलं होतं. हे कळायला मला इतकी वर्षं लागावीत?

मार्चमध्ये आमची शाळाच परीक्षेचं केंद्र होती. मामांचा नंबरही तिथंच आला होता. मराठीच्या पेपरला ते पांढरा शर्ट घालून आले, हातात मुलीचं पॅड. हिंदी, इंग्रजी, सगळे पेपर दिले. बीजगणिताच्या दिवशी मी केंद्राच्या खोलीत होतो, कारण गणिताच्या शिक्षकाला त्या दिवशी वर्गावर पाठवत नाहीत. खिडकीतून बघतो तर मामा खाकी कपड्यांत. अकराला त्यांनी घंटा दिली, तळहात ठेवून तिची थरथर थांबवली आणि तिथंच स्टुलावर बसले. मी धावत गेलो. म्हणालो, "मामा, पेपर सुरू झाला! अजून अर्धा तास आत घेतील."

"घंटेला कुनी न्हाई सर आज," ते म्हणाले. टोमणा नव्हता तो. आवाज नेहमीसारखा होता. पण घंटेला माणूस होता, केंद्रानं त्या दिवसांपुरता एक जण नेमला होता आणि तो पाण्याच्या माठाशी उभा होता. मी त्यांचा हात धरून त्यांना आत नेऊ शकलो असतो. तिथल्या तिथे म्हणू शकलो असतो की त्या दिवशी तुमचं बरोबर होतं. मी तसाच उभा राहिलो आणि मग केंद्राच्या खोलीत परत गेलो. पर्यवेक्षकानं आणलेल्या कागदावर त्यांच्या नंबरापुढे लाल शाईनं गैरहजर लिहिलेलं होतं. निकालात बाकी सगळे विषय सुटले. गणिताला ते पुन्हा बसले नाहीत. प्रयोगशाळेची जागा बाहेरच्या कोणाला मिळाली, आणि त्याला रोज सकाळी प्रयोगशाळा उघडून द्यायचं काम मामांकडे आलं.

मी आणखी सात वर्षं तिथं शिकवलं. रोज त्या आकाशी शून्यापासून अक्ष सुरू केला. संस्थेनं काष्टीला बदली केली तेव्हा निरोपाच्या कार्यक्रमात मामांनीच माझ्या हातात नारळ दिला. "येतो मामा," मी म्हणालो. गेल्या वर्षी पाथर्डीच्या स्टँडवर अचानक हाक आली, "ओ सर!" डोळ्यांचं ऑपरेशन झालेलं, काळा चष्मा, पण माणूस तोच. जबरदस्तीनं चहा पाजला. म्हणाले, "अजून आलेख शिकिवता का?" मी म्हणालो, आता सगळं स्क्रीनवर असतं, मामा. ते हसले, "मग शून्य कुटं काढता?" मी त्यांच्याकडे बघितलं. चष्म्यामुळे डोळे दिसत नव्हते. माझी गाडी लागली. मी म्हणालो, पुढच्या वेळी निवांत बोलू. त्यांनी खिडकीपाशी येऊन माझी बॅग आत दिली…

दहाव्याला गेलो. मामांची मुलगी मंगल गावातच अंगणवाडीत काम करते. मामी चार वर्षांपूर्वी गेल्या, तेव्हापासून ती वडिलांकडेच होती. माणसं पांगल्यावर ती माझ्याजवळ येऊन बसली. म्हणाली, "सर, बाबा सारखं सांगायचे, आलेख मला सरांनी शिकिवला." मी मान खाली घातली. तिला वाटलं मी रडतो आहे. मग तिनं विचारलं, "एक सांगा सर. बाबांनी तवा गनिताचा पेपर का दिला न्हाई हो? आई मरेस्तवर त्यांना बोलायची. बाबा पत्र्यावर चढताना जरा थांबले की म्हनायची, गनिताला भ्यालात, आता शिडीला भ्या. आमाला पन तेच वाटायचं. भ्याले आसतील. इचारलं की नुसते हसायचे."

बावीस वर्षं मी ज्या क्षणाची वाट बघत होतो असं स्वतःला सांगत आलो, तो समोर बसला होता. आणि मी म्हणालो, "शाळेत काम होतं गं त्या दिवशी. केंद्र होतं ना."

"व्हय का," मंगल म्हणाली. तिला ते पटलं. सरांनी सांगितलं म्हणून पटलं.

ते खोटं घेऊन मी काष्टीला परत आलो आणि तीन आठवडे शाळेत, घरी वावरत राहिलो. वर्गात एका मुलानं आलेखाला डावीकडून थेट दहापासून सुरुवात केली. मी त्याला चूक सांगायला तोंड उघडलं आणि माझ्या तोंडून मामांचेच शब्द आले. "ती उभी रेघ दहाची आहे. शून्याला अजून मागं जावं लागेल." त्या रविवारला जोडून मी सोमवारची रजा टाकली आणि सोमवारी सकाळची एसटी धरली.

मंगल ओट्यावर बाजरी निवडत होती. मी बसलो आणि सगळं सांगितलं. फळ्यावरचा चार, घंटेचं वाक्य, चुन्याची खूण, दोन्ही उत्तरांना दिलेले गुण, परीक्षेच्या दिवशी हात न धरणं, आणि तीन आठवड्यांपूर्वी तिलाच सांगितलेलं खोटं. तिनं मध्ये एकदाही वर बघितलं नाही. बोटं खडे काढत राहिली. माझं सांगून झालं. मग ती म्हणाली, "म्हंजे बाबा भ्याले नव्हते."

"नाही."

"भ्याले नव्हते," ती पुन्हा म्हणाली, सुपाकडे बघत. "आईला सांगाया पायजे हुतं, सर. चार वर्सं झाली आईला. त्याच्या आदी तुमी हुतात की."

  तिनं मला माफ केलं असं मी लिहिणार नाही, कारण तसं काही ती बोलली नाही. हे सगळं वर्तमानपत्रात लिहू का, असं विचारलं तेव्हा म्हणाली, "लिवा. पन आर्दं लिवू नका." मग आपली रीत म्हणून चहा केला. चहा पिऊन मी उठलो, चपला घालायला दाराशी वाकलो, आणि तिथंच थबकलो. दाराला तपकिरी रंग होता, पण बिजागरीपाशी त्याचे पोपडे निघाले होते आणि खालून आकाशी रंग दिसत होता. मी त्यावर बोट ठेवलं.

"हा रंग कधीचा, मंगल?"

"लई जुना. मी तवा शाळेत हुते. त्या दिवाळीला बाबांनी दार रंगवलं. खिडकीपुरता डब्यात ठेवला हुता. दोनेक महिन्यांनी उटले आन् डबा घेऊन शाळेत गेले. आई आसली बोलली त्यांना! ही बघा खिडकी, तशीच ऱ्हायली ती ऱ्हायलीच." खिडकीचं लाकूड खरंच उघडं होतं, उन्हापावसानं राखाडी पडलेलं. "कशाला न्हेला, ते काय शेवटपर्यंत सांगितलं न्हाई."

मला माहीत होतं. मी सांगितलं. मंगल दाराला टेकून ऐकत राहिली आणि म्हणाली, "उद्या-परवा शाळेत जाऊन बघीन कधी तरी."

"उद्या नको," मी म्हणालो. "आत्ता चल."

फळा अजून असेल की नाही हे मला माहीत नव्हतं. नववी ब मध्ये आता पांढरा, पेननं लिहायचा फळा आहे. तिथले नवे मामा म्हणाले, जुनं सामान मागच्या खोलीत आहे, बघा हवं तर. बाकांच्या ढिगामागे, भिंतीला टेकवून, धुळीत तो उभा होता. मी रुमालानं खालचा डावा कोपरा पुसला. पांढऱ्या रेघा बऱ्याच उडाल्या होत्या. शून्य होतं. मंगल खाली बसली, तिनं त्यावर तळहात ठेवला, घंटेवर मामा ठेवायचे तसा.

"म्हंजे आमची खिडकी हितं हाय," ती म्हणाली, आणि हसता हसता तिनं पदर डोळ्यांना लावला. मग पुन्हा वाकून, बोटानं चाचपत विचारलं, "आन् ह्यो वरखडा कसला मधीच?"

"तो माझा," मी म्हणालो.